आईच्या नावाची चौकशी

भावाच्या बायकोनं आपल्या धाकट्या मुलीचं नाव काय ठेवायचं ते मला पहिल्यांदा सांगितलं, तेव्हा मी तिच्याकडे संशयानं पाहिलं. संशय आमच्या घरात आईकडून आलेला आहे, बसक्या नाकासारखा. भावाला तो थोडा आला, मला बऱ्यापैकी आला, पण मूळ झरा आईच. दूधवाल्याच्या मापावर सगळेच संशय घेतात. आमची आई दूधवाला हसून बोलला की जास्त सावध व्हायची. एसटीत एखाद्यानं आपणहून उठून तिला जागा दिली, तर ती त्या जागेवर बसायच्या आधी हात फिरवून बघायची. टीव्हीवर हवामान सांगणारा माणूस गोड बोलायचा, म्हणून तिनं त्याचं कधीच ऐकलं नाही. "येवढं गॉड बोलतंय म्हंजी ह्याला ठाव न्हाई," असं तिचं मत होतं, आणि सांगायला वाईट वाटतं, पण पुष्कळदा ते खरं निघायचं.

ही गोष्ट नव्वदच्या दशकाच्या उत्तरार्धातली. मी लग्न होऊन जुन्नरात राहत होते. माहेर मढच्या रस्त्याला, एसटी आली तर जवळ, नाही आली तर लांब. वहिनीचं पहिलं बाळंतपण रीतीप्रमाणे तिच्या माहेरी झालं होतं. दुसरं आमच्याकडे. जुन्नरच्या दवाखान्यात मुलगी झाली आणि बारसं सव्वा महिन्यानं करायचं ठरलं. आत्या मी, म्हणजे नाव ठेवणार मी. आमच्याकडे आत्यानं बाळाच्या कानात नाव सांगायचं आणि बाकीच्या बायकांनी तिच्या पाठीत धपाटे घालायचे, अशी कामाची वाटणी आहे. धपाटे माझ्या पाठीत बसणार, तर नाव माझ्या पसंतीचं असावं एवढीच माझी अपेक्षा. दोन-तीन नावं मनात घेऊनच मी माहेरी गेले होते. त्या वेळी गावात दर तिसऱ्या घरात मालिकेतल्या नायिका रांगत होत्या.

वहिनी बाळाला तेल लावत होती. माझ्याकडे न बघता म्हणाली, "वन्सं, आईंचं ठेवा."

"आईचं काय ठेवू?"

"नाव."

मी दाराकडे बघितलं. आई गोठ्यात होती. वहिनी बाळाचा पाय चोळत राहिली, जणू तिनं आज भाजीला काय करायचं एवढंच विचारलं होतं.

माझ्या आईचं नाव झुंबर. आमच्या भागात जुन्या बायकांना वस्तूंची नावं असतात. कुणी पुतळा, कुणी गजरा. जे घरात कधी येणार नाही ते निदान पोरीच्या रूपानं घरात वावरू दे, असा त्यामागचा हिशेब असावा असं मला वाटतं. पण झुंबर त्यातही दुर्मीळ, आणि वर आमच्याकडे गड्यांनाही हे नाव असतं. लग्नाच्या पंगतीत कुणी "ओ झुंबरशेठ" अशी हाक मारली की आई दचकून पदर सावरायची आणि मग त्या माणसाकडे बराच वेळ रोखून बघायची, त्यानं तिचंच काही चोरल्यासारखं.

आता सुनेनं सासूचं नाव तोंडातून काढायचं नाही, हे आमच्याकडे दगडावर कोरलेलं. आईच्या सासूला, म्हणजे माझ्या आजीला, एका नदीचं नाव होतं. त्यामुळे आई त्या नदीला जन्मभर "खालचं पाणी" म्हणाली. नदीला पूर आला तरी "खालच्या पाण्याला पाणी आलंय" असंच. आणि दुसरी गोष्ट अशी, की नाव ठेवतात ते गेलेल्या माणसाचं. पणजी गेली, तिचं नाव पणतीला. जिवंत, चालत्या-बोलत्या, गोठ्यात धार काढणाऱ्या बाईचं नाव तिच्याच घरात कुणी ठेवत नाही.

"का पण?" मी विचारलं.

"दवाखान्यात नर्सबाईंनी विचारलं, सोबत कोण हाय, नाव सांगा. आई इतक्या हळू बोलल्या, की नर्सबाईंना परत विचारावं लागलं. मला कळा येत व्हत्या तरी मी कान दिला. लग्न झाल्यापासनं पहिल्यांदा ऐकलं त्यांच्या तोंडून. एवढं चांगलं नाव, वन्सं, आन् घरात नुसतं पडून हाय."

वहिनी बारावी शिकलेली, मोजकं बोलणारी बाई. तिच्या मनात काय चाललंय ते तिच्या चेहऱ्यावर कधी दिसायचं नाही. अशा माणसाला आमच्या घरात काय भोगावं लागलं असेल याची कल्पना करा. मी तिला म्हटलं, "आईला सांगू का?" ती म्हणाली, "सांगा की." मला तेवढंच हवं होतं. अशी बातमी हातात असताना शांत बसून राहणं मला आजही जमत नाही.

आई अंगणात सुपात नाचणी पाखडत बसली होती. मी तिच्यासमोर बसले आणि शक्य तितक्या साध्या आवाजात सांगितलं. सूप थांबलं.

"कशाला?"

"तिला आवडलं म्हणे."

"माझं काय आवडलं तिला आजपातूर? माझा चहा आवडंना."

"म्हणाली, एवढं चांगलं नाव नुसतं पडून आहे."

"पडून?" आईनं सूप खाली ठेवलं. "म्हंजी मी बी पडूनच की." मग तिनं आवाज खाली आणला आणि डोळे बारीक केले. हे तिचे डोळे मी लहानपणापासून बघत आले, आणि दर वेळी मला नाटकाचा पडदा वर जाताना वाटतं तसं वाटायचं. "तुला कळंना. तिला माझं नाव घेता येत न्हाई. आता पोरीच्या नावानं घ्यायला मोकळी. सकाळी उठल्यापासनं सुरू. झुंबरे गप बस. झुंबरे किती गिळतीस. झुंबरे, जा तिकडं मसणात. आन् मी हितं वसरीवर बसून ऐकायचं. म्हणायची, तुमाला न्हाई वो आई, पोरीला म्हणती."

ही शक्यता मला इतकी आवडली, की क्षणभर मी पूर्णपणे वहिनीच्या बाजूची झाले. कुठल्याही सुनेनं इतका सुंदर डाव रचला असता तर मी स्वतः जाऊन तिची पाठ थोपटली असती. अडचण एवढीच होती, की वहिनी तशी नव्हती. किंवा नसावी. आईशी बोलून उठलं की माणसाचं असं व्हायचं.

त्या दिवसापासून घरात पहारा बसला. वहिनी बाळाला घेऊन आतल्या खोलीत असली, की आई धान्याच्या कणगीमागं काहीतरी शोधायला जायची. तिथं शोधण्यासारखं काहीच नव्हतं. मला म्हणाली, "तू चार दिस राहतीयास ना, कान उघडा ठेव." मी ठेवला. दुसऱ्या दिवशी दुपारी आम्ही दोघी कणगीमागं उभ्या, आणि आतून वहिनीचा आवाज आला, "अगं म्हातारे, किती तरास देतीस. तुझ्यापायी मला घास गिळता येईना."

आईनं माझा दंड धरला. बाहेर ओट्यावर नेऊन म्हणाली, "ऐकलंस?"

"आई, तान्ह्या पोरीला सगळेच म्हातारी म्हणतात लाडानं."

"लाडानं," आई म्हणाली. "लाडानंच सुरवात व्हतीया."

भाऊ टेंपो चालवायचा. संध्याकाळी आला, त्याला हे कळलं, आणि तो सरळ माझ्याकडे आला. "ताई, हे तूच शिकवलंस ना तिला?" मी शपथ घेतली. तो म्हणाला, "तू शपथ घेतलीस म्हंजी नक्कीच." मग बायकोला विचारायला गेला आणि लगेच परत आला. "ती म्हणती, नाव चांगलं हाय. एवढंच म्हणती. आता ह्याच्यात काय तरी असणार का न्हाई?" शेजारच्या काकूंना तर त्यांच्या भिंतीपलीकडून सगळं समजलेलंच होतं. त्यांचं म्हणणं, हे नाव म्हणजे सासूला जागा रिकामी करायची सूचना आहे. "नाव दिलं की माणूस सुटलं," त्या मला आडोशाला घेऊन म्हणाल्या. "तुमची आई अजून खमकी हाय, म्हणून म्हणते."

वहिनी मात्र शांत. आई कणगीमागं जाताना दिसली की ती चहा टाकायची आणि दोन कप भरून आणायची, एक आईला, एक मला. हा शांतपणा सगळ्यांत संशयास्पद होता.

माझी निघायची वेळ जवळ आली तेव्हा खरी गोष्ट बाहेर आली. संध्याकाळी आई माझ्या केसांना तेल लावत होती. मी लग्न झालेली, दोन मुलांची आई, तरी माहेरी गेलं की डोकं तिच्या ताब्यात. मी म्हटलं, "नको तर नको म्हणून सांग ना तिला. तुझं नाव आहे. तुझी सही लागते."

तिचे हात थांबले. म्हणाली, "त्ये नाव माझं न्हाई."

"म्हणजे?"

"वापरल्यालं हाय. माझ्याआधी एक पोरगी व्हती माझ्या आईला. तिचं नाव झुंबर. ती गेली, मग मला आलं. माझ्या लग्नात मावशीनं सांगितलं मला, हळद लावता लावता. म्हणली, बया, जुनं नाव हाय तुझं, जपून ऱ्हा." तिनं पुन्हा तेल चोळायला सुरुवात केली, जरा जोरात. "नाव एका येळंला एकालाच पुरतं. ती गेली म्हणून मी. आता हिला दिलं तर मी जाणार. त्याचं काय न्हाई. सगळीच जात्यात. पण मी लई चिवट हाय, तुला ठाव हाय. मी न्हाई गेले तर?"

आत पाळण्याची दोरी कुरकुरत होती. आई तिकडे बघत होती. इतके दिवस ती कणगीमागून सुनेचं बोलणं ऐकत होती असं मी समजत होते. ती बाळाचा श्वास ऐकत होती.

"मामाला कधी विचारलं नाहीस?" मामा म्हणजे तिचा थोरला भाऊ, तिच्या माहेरच्या माणसांपैकी एकटाच उरलेला.

"इचारलं आन् खरं निघालं तर?"

हे ऐकून मला काय झालं कोण जाणे. मी म्हटलं, उद्या तळेघरला जायचं. ती म्हणाली, गुडघे दुखतात. मी म्हटलं, दुखू देत.

तिचं माहेर तळेघरच्या पलीकडे, डोंगराच्या अंगाला. तिचे आजे मेंढरं घेऊन हिंडणारे. वडिलांनी तिथं जागा बघून बूड टेकलं, आणि मामाच्या वेळेपर्यंत मेंढरं जाऊन भात आणि नाचणी राहिली होती. आम्ही घोडेगावला उतरलो, वरची एसटी यायची वाट बघत बसलो. ती आली ती आधीच भरून. एका तरुण पोरानं आईला जागा दिली. तिनं हात फिरवून बघितलं आणि बसली. धरणाच्या कडेकडेनं गाडी चढत होती, आणि आई खिडकीबाहेर न बघता ड्रायव्हरच्या मानेकडे बघत होती, झोपला तर आपल्याला कळावं म्हणून. उतरल्यावर बरंच चालायचं होतं. ती पुढे, मी मागे. दुखणारे गुडघे माहेरच्या वाटेला लागल्यावर कुठं गेले ते मी विचारलं नाही.

मामा खळ्यावर नाचणीची कणसं बडवत होता. डोळ्यांवर हात धरून त्यानं बघितलं. "कोण त्ये? झुंबरी का?"

आईनं पदर डोक्यावर ओढला. मी तिच्या तोंडाकडे बघितलं. माझ्या जन्मापासून मी तिला आई, काकू, मामी, म्हातारी, तळेघरची, अशा सगळ्या हाका मारलेल्या ऐकल्या होत्या. ही पहिल्यांदाच ऐकत होते.

"व्हय, मीच," ती म्हणाली. "मरायच्या आधी एक गोष्ट इचारायची हाय."

"कोण मरतंय?"

"त्येच बघायला आले."

मामीनं चहा केला, आणि मग उलटतपासणी झाली. वकिलांनी शिकावी अशी. आई म्हणाली, "माझ्याआधीची पोरगी व्हती का न्हाई?" मामा म्हणाला, व्हती. "तिचं नाव काय?" "झुंबर." आईनं माझ्याकडे बघितलं, बघ, अशा अर्थानं. "तुला कसं ठाव?" "मी व्हतो की हितं." "केवढा व्हतास?" "शेरडं वळायच्या कामाचा व्हतो. तू आता मला खोटा पाडायला आलीयास का चहा प्यायला?"

मग मामानं सांगितलं. त्याला दात नव्हते, पण हात होते, आणि हातांनी त्यानं अर्धी गोष्ट खळ्यावर उभी केली. त्यांचा बाप घोंगड्या घेऊन जुन्नरला जायचा. एकदा एका व्यापाऱ्याकडं लगीन होतं, मालकानं त्याला माडीवरच बोलावून घेतलं. बाप वर गेला आणि दारातच थांबला. "वर बगतोय तर छताला काचंचं झाड उलटं टांगल्यालं. खिडकीतनं वारा आला की वाजायचं. ऊन आलं की भिंतीवर सगळीकडं रंगाचे ठिपके. बाच्या हातावर बी ठिपके. खांद्यावरच्या घोंगड्या खाली ठेवायचं ध्यानात न्हाई. तितला गडी म्हणला, आरं बाबा, वझं तरी टाक. तर बा त्याला इचारतोय, ह्याला काय म्हणत्यात?"

"मग?"

"मग काय. आमी कट्टाळलो. जेवताना झुंबर. मेंढरं कातरताना झुंबर. पावणं आलं की त्येंला झुंबर. त्या साली पोरगी झाली, तर दुसरं नाव ठेवतोय का तो?"

आई हसली नाही. ती पुढच्यासाठी थांबली होती. मामानं हातातलं कणीस बाजूला ठेवलं.

"गोवर आला. वस्तीवरची लई पोरं गेली त्या सालात. ती बी गेली. चालाया बी लागली नव्हती."

"आन् मग मला कशाला दिलं तेच? दुसरं मिळंना?"

"आजी आडवी आली व्हती. बाची आई. म्हणली, ह्या नावानं पोरगी खाल्ली, ह्ये नाव घरात नगं. बा म्हणला, गोवरानं खाल्ली. मी काय पोरीचं नाव गोवर ठेवत न्हाई. म्हातारी तुझ्या बारशाला जेवली न्हाई. शेतात जाऊन बसली."

"आन् बा?"

"बा नाव ठेवून बसला, पर तुला हाक मारायचा न्हाई. ए पोरी म्हणायचा. आमाला बी घेऊ द्यायचा न्हाई. तू चालाया लागलीस, हितनं त्या आंब्यापातूर गेलीस, तवा कुटं पयल्यांदा हाक मारली त्यानं. मग दिसभर मारीत व्हता. मेंढरं बुजली."

येताना एसटीत घोडेगाव जवळ आलं तेव्हा आई म्हणाली, "त्याला काय आठवतंय. त्याला सकाळचं आठवंना." मग थोड्या वेळानं, "गोवराची सुई असती ना आता?"

"असते. नवव्या महिन्यात देतात."

"खरं औषध असतंय का पाणी?"

"खरं असतं, आई."

"तू बघितलंयस?"

मी म्हटलं, माझ्या दोन्ही मुलांना दिलंय, दोघंही जिवंत आहेत आणि तुझ्या डोळ्यांसमोर शेंगा चोरतात. तिनं मान हलवली. पटलं म्हणून नव्हे, नोंद घेतली म्हणून.

बारशाच्या दिवशी घर बायकांनी भरलं. पाळण्याला फुलं बांधलेली, घुगऱ्यांचं पातेलं दारात. आई पाळण्याशेजारी बसली होती, हो म्हणून सांगितलेलं नाही, नाही म्हणूनही सांगितलेलं नाही. मी बाळाच्या कानाशी वाकले, आणि पाठीवर धपाट्यांची तयारी होत असताना आई म्हणाली, "थांबा."

सगळ्या थांबल्या. आईनं वहिनीकडं बघितलं. "नाव तुला पायजे ना? मग आधी तू म्हण. मला ऐकू दे कशी म्हणतीस."

बायकांमध्ये एकदम शांतता पसरली, आणि त्यात अपार आनंद होता. सासूचं नाव सासूसमोर घ्यायचं, आणि तेही चारचौघींत. शेजारच्या काकू तर पुढं सरकून बसल्या. वहिनीचा चेहरा पहिल्यांदाच हललेला मी बघितला. कानापर्यंत लाल झाली. ती आईच्या पाया पडायला वाकली, आईनं पाय मागं घेतले. "पाया नगं पडू. म्हण."

वहिनी बाळाकडं बघून म्हणाली, "झुंबर."

"तिच्याकडं न्हाई. माझ्याकडं बघून."

वहिनीनं वर बघितलं. तोंड उघडलं, मिटलं. मग म्हणाली, "झुंबर." काय सांगू, तिनं ते कसं म्हटलं. घाबरत, सावकाश, नवी काचेची वस्तू दोन्ही हातांनी उचलावी तसं. आई मान एका बाजूला करून ऐकत होती, बाजारात मडकं वाजवून बघतात तशी.

"आणिक एकदा," आई म्हणाली.

"झुंबर."

"हं. बरं हाय." आई मागं टेकली. मग माझ्याकडे वळून हळूच, "दुसऱ्यांदाचं जास्त बरं व्हतं." आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं, "ठेवा. पर मी हाक मारणार न्हाई. चालाया लागंस्तवर न्हाई. तुमी काय बी म्हणा."

मी नाव सांगितलं आणि पाठीत असे धपाटे बसले, की त्यात इतक्या दिवसांची सगळ्यांची उत्सुकता होती.

त्यानंतरचं वर्ष आईनं त्या मुलीवर पाळत ठेवली. दुसरा शब्द नाही. शिंकली तरी आई कपाळाला हात लावायची. अंगावर पुरळ आला तर खिडकीशी नेऊन उजेडात बघायची. सुईच्या दिवशी उपकेंद्रात स्वतः गेली आणि नर्सला म्हणाली, बाटली दाखवा. नर्सनं दाखवली. आईला वाचता येत नव्हतं, तरी तिनं ती बराच वेळ फिरवून बघितली. मग नर्सकडं बघितलं, मग सुईकडं, मग मुलीचा दंड पुढे केला. घरात सगळे मुलीला नावानं हाक मारत होते. आई म्हणायची, ए पोरी. मी कधी मुद्दाम विचारायचे, "आई, कोण गं ही?" ती म्हणायची, "बघू की."

पुढच्या वर्षी भाताची कापणी सुरू होती तेव्हा मी गेले होते. सकाळची वेळ. वहिनी अंगणात धुणं पिळत होती, आई ओट्यावर बसलेली. मुलगी खांबाला धरून उभी होती, रोज उभी राहायची तशी. तिनं खांब सोडला. एक पाऊल टाकलं, हलली, दुसरं टाकलं. वहिनीचा हात पिळ्यावरच थांबला. मुलगी ओट्याच्या कडेनं चालत चालत भिंतीपर्यंत गेली आणि भिंतीला हात लावून आमच्याकडे बघून ओरडली.

आई उठली, गुडघे धरून. ओट्याच्या कडेला येऊन वहिनीला म्हणाली, "चालली."

"व्हय."

"मग आता माझी पाळी का?"

एका नावाला एकच माणूस, ही आईची भीती मी वहिनीला केव्हाच सांगितली होती. मी मधे बोलणार होते, पण वहिनीनं ओलं लुगडं झटकलं आणि दोरीवर टाकताना म्हणाली, "आज नगं, आई. कापणीला माणसं यायचीत, भाकरी टाकायच्यात. आन् आता ही चालाया लागली, हिच्यामागं कोण पळंल?"

आई तशीच उभी राहिली. त्या उत्तरात कुठं काही दडलंय का, ते ती शोधत होती. मी तिला चांगली ओळखते. वहिनी दुसरं कापड पिळायला वाकली. मुलीनं भिंत सोडली आणि पायरीच्या दिशेनं निघाली.

"झुंबर," आई म्हणाली. हळू, नर्सला सांगितलं असेल तसं. मुलीनं लक्ष दिलं नाही. पायरी जवळ आली होती. आईनं पुन्हा हाक मारली, या वेळी खळ्यापर्यंत जाईल अशी, आणि लुगडं आवरत तिच्यामागं गेली.